काळी चौकट कुणाची?



इतिहास म्हटला की आपल्या डोळ्यांसमोर किल्ले येतात, तह येतात, ताम्रपट येतात. आज मी ज्या वस्तूचा इतिहास सांगणार आहे, ती कदाचित या क्षणी तुमच्या समोरच्या पडद्यावरच असेल. कॉम्प्युटर सुरू केला की डेस्कटॉपवर छोटी छोटी चित्रं दिसतात, ज्यांना आपण आयकॉन म्हणतो. कधी कधी त्यातल्या एखाद्या आयकॉनभोवती एक चौकट उमटते. ती ठिपक्यांची असते, निळी असते, नाहीतर जाड काळी असते. आपण ती मागितलेली नसते. मग आपण वैतागतो आणि घरातल्या एखाद्या पोराला हाक मारतो, "अरे, हे काय आलंय बघ. काढून टाक."

ती चौकट काढायची कशी हेही मी आज सांगणार आहे. पण त्याआधी ती आली कुठून ते पाहू, कारण ते माहीत नसताना मी एकदा ती काढली आणि चूक केली.

आठेक वर्षांपूर्वीची गोष्ट. मी तेव्हा चेन्नईत, वेस्ट मांबलमला राहत होतो. आमच्या इमारतीत खालच्या मजल्यावर एक तंजावरी मराठी कुटुंब होतं. व्यंकोजीराजांच्या काळात दक्षिणेत गेलेल्या घराण्यांपैकी. घरात अजून मराठी बोलतात, मात्र ती ऐकताना आपल्याला दर चार शब्दांनी थांबावं लागतं. काका सत्तरी ओलांडलेले, काकू त्यांच्याहून थोड्या लहान. मी इतिहासाचा माणूस, पण शेजाऱ्यांच्या मते मी 'कॉम्प्युटर येणारा' होतो. अशी पदवी आपल्याकडे कुणालाही मिळते.

एका संध्याकाळी काकांनी बोलावलं. म्हणाले, "जरा बघ रे, पडद्याला काहीतरी झालंय. जिथं जावं तिथं काळी जाड रेघ येते. डोळ्याला खुपते." विंडोज सेव्हनचं जुनं मशीन होतं. मी कंट्रोल पॅनेल उघडलं, 'ईज ऑफ ॲक्सेस'मध्ये गेलो. तिथे फोकसची चौकट जाड करण्याचा एक पर्याय असतो, त्यावर खूण केलेली दिसली. मी खूण काढली. रेघ गेली. काकांनी फिल्टर कॉफी पाजली आणि मी मोठ्या रुबाबात घरी आलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी काकू जिना चढून वर आल्या. दारातच म्हणाल्या, "काल तू काय केलंस रे? माझी काळी चौकट कुठं गेली?"

काकूंचा उजवा हात थरथरायचा. माऊस धरला की बाण पडद्यावर नाचायचा, डबल क्लिक कधी जमायचंच नाही. म्हणून परगावी असलेल्या त्यांच्या मुलाने त्यांना माऊस सोडून कीबोर्ड शिकवला होता. टॅब दाबायचं, बाणांच्या बटणांनी पुढे सरकायचं, हवं ते आलं की एंटर. आणि 'हवं ते आलं' हे कळावं म्हणून त्यानेच ती चौकट जाड करून ठेवली होती. काकूंची नजरही अधू झालेली. फिकट निळी छटा त्यांना दिसायची नाही, काळी रेघ दिसायची. रोज सकाळी सात वाजता त्या मुलाशी आणि नातवाशी पडद्यावर बोलायच्या. त्या सकाळी त्या वीस मिनिटं टॅब दाबत बसल्या, आपण कुठे आहोत ते त्यांना कळेना, आणि समोर नातू शाळेत निघून गेला.

मी लगेच खाली जाऊन ती खूण परत केली. काकू काही बोलल्या नाहीत. पण मी घरी आलो आणि शोधायला बसलो, की ही रेघ मुळात काढली कुणी?

तर मंडळी, सुरुवात होते अमेरिकेत. पडद्यावरच्या चित्रासाठी 'आयकॉन' हा शब्द डेव्हिड कॅनफिल्ड स्मिथ या संशोधकाने १९७५ साली स्टॅनफर्ड विद्यापीठातल्या आपल्या प्रबंधात वापरला. पुढे तो झेरॉक्स कंपनीत गेला आणि १९८१ साली झेरॉक्सने 'स्टार' नावाचा कॉम्प्युटर बाजारात आणला. कागद, फायली, टपालाची पेटी अशी ऑफिसातली चित्रं पडद्यावर मांडलेली, हा आजच्या डेस्कटॉपचा पूर्वज. यंत्र महाग होतं आणि फारसं खपलं नाही, पण कल्पना टिकली.

मग २४ जानेवारी १९८४ रोजी ॲपलचा मॅकिंटॉश आला. त्याचे आयकॉन सुझन केअर या चित्रकर्तीने काढले. बत्तीस चौकोन आडवे, बत्तीस उभे, एवढ्या जाळीत काळे-पांढरे ठिपके भरून. आपल्याकडे रांगोळीला ठिपके मांडतात, किंवा चेन्नईत दारोदारी पहाटे कोलम काढतात, त्यातलाच हिशेब. आता पडदा काळा-पांढरा. एखादा आयकॉन निवडला आहे हे दाखवायचं कसं? मॅकने सोपा मार्ग घेतला, काळ्याचं पांढरं आणि पांढऱ्याचं काळं करायचं. चौकटीची गरजच पडली नाही.

गरज का पडली नाही, हे महत्त्वाचं आहे. पहिल्या मॅकच्या कीबोर्डवर बाणांची बटणं नव्हतीच. लोकांनी माऊसच वापरावा, हा त्यामागचा हेतू होता असं सांगतात. माऊस वापरणाऱ्याला आपण कुठे आहोत हे पडद्यावरचा बाण सतत सांगत असतो.

दुसरीकडे मायक्रोसॉफ्टने २० नोव्हेंबर १९८५ रोजी विंडोजची पहिली आवृत्ती आणली. तेव्हा आयबीएमच्या धर्तीवरचे जे पीसी लोकांच्या टेबलांवर होते, त्यातल्या बहुतेकांना माऊसच नव्हता. म्हणून विंडोज कीबोर्डवरही चालवता येईल अशी रचना ठेवावी लागली. आता विचार करा. हातात माऊस नाही, पडद्यावर बाण नाही. एंटर दाबलं तर ते नेमकं कशावर लागू होणार? ते दाखवायला काहीतरी खूण हवी. ही खूण म्हणजे ठिपक्यांची चौकट. प्रोग्रामर तिला 'फोकस'ची चौकट म्हणतात. पडद्याचं लक्ष आत्ता कुठे आहे ते ती दाखवते.

म्हणजे ही चौकट काही बिघाडातून जन्मली नाही. ज्याच्या हातात माऊस नव्हता, त्याच्यासाठी ती काढली गेली.

ती काढायची पद्धतही गमतीची. जिथे रेघ काढायची तिथल्या एकाआड एक ठिपक्याचा रंग उलटा करायचा. पुसायची असेल तर तीच कृती पुन्हा करायची, उलट्याचं उलट म्हणजे सुलट. त्यामुळे चौकटीखाली आधी काय होतं ते लक्षात ठेवायला वेगळी मेमरी लागत नाही. त्या काळात मेमरी सोन्याच्या भावाने मिळायची, तेव्हा ही काटकसर मोठी होती. पण यात एक खोट आहे. काही कारणाने दुसरी फेरी राहून गेली, तर चौकट तिथेच अडकून बसते. मालक निघून गेला तरी दारावरची पाटी राहावी तशी. जुन्या कॉम्प्युटरवर अशी अर्धवट रेघ दिसली की डेस्कटॉपवर एफ-फाइव्ह दाबायचं, पडदा नव्याने रंगतो आणि ती जाते. बिघाड म्हणायचा तर हा खरा बिघाड.

आणखी एक चौकट असते, ती आयकॉनच्या नावामागे दिसते. २४ ऑगस्ट १९९५ रोजी विंडोज ९५ आलं. त्यात आयकॉनखालच्या अक्षरांमागे डेस्कटॉपच्याच रंगाचा पट्टा असायचा. मागे साधा रंग असेल तर तो कळायचा नाही, पण कुणी हौसेने गणपतीचं किंवा डोंगराचं चित्र लावलं की प्रत्येक नावामागे रंगीत ठिगळ दिसायचं. २००१ साली एक्सपी आलं, त्यात अक्षरांमागचा पट्टा जाऊन बारीक सावली आली. पुढे कुणी कॉम्प्युटर वेगाने चालावा म्हणून ती सावली बंद केली की ठिगळं परत हजर. त्यावरचा उपाय सिस्टीमच्या 'परफॉर्मन्स' सेटिंगमध्ये, आयकॉनच्या नावांना सावली देण्याच्या पर्यायात आहे. त्यावर खूण करायची, संपलं. हा पट्टा निव्वळ दिसण्याचा प्रश्न आहे. तो काढल्याने कुणाचं काही अडत नाही.

पण फोकसच्या चौकटीचं तसं नाही. नव्वदच्या दशकात माऊस घरोघरी पोहोचला आणि ती चौकट लोकांना खुपायला लागली. २००० साली आलेल्या विंडोज २००० मध्ये एक तोडगा निघाला. माणूस माऊस वापरत असेल तोवर या खुणा लपवून ठेवायच्या, कीबोर्डला हात लावला की दाखवायच्या. हे शहाणपणाचं होतं. आणि गंमत बघा, त्याच विंडोज २००० मध्ये 'नॅरेटर' आला. पडद्यावर काय आहे ते बोलून दाखवणारा, म्हणजे दृष्टिहीनांसाठीचा प्रोग्राम.

तिकडे वेबसाइट बनवणाऱ्यांच्या जगात मात्र उलटंच घडलं. मे १९९८ मध्ये वेबपानांच्या सजावटीचे जे नवे नियम आले, त्यात 'आउटलाइन' नावाचा गुण आला. पानावरच्या कुठल्याही वस्तूभोवती रेघ कशी दिसावी ते त्याने ठरवता येतं. अर्थात, दिसूच नये असंही ठरवता येतं. ग्राहक म्हणायचा, "बटणाभोवती ही घाणेरडी रेघ कसली?" आणि डिझायनर एका ओळीत ती काढून टाकायचा. २००७ साली एरिक मेयर या जाणकाराने सजावटीची पाटी कोरी करणारा जो नमुना प्रसिद्ध केला, त्यातही ही रेघ शून्य केलेली होती. त्याने शेजारी टीप लिहिली होती, की फोकससाठी तुमची स्वतःची खूण ठरवायला विसरू नका. लोकांनी ओळ उचलली, टीप सोडली. असं इतिहासात नेहमीच होतं.

११ डिसेंबर २००८ रोजी वेबच्या सुगम्यतेचे जागतिक निकष नव्याने आले. त्यात एक कलम घातलं गेलं, की कीबोर्ड वापरणाऱ्याला फोकस कुठे आहे ते दिसलंच पाहिजे. आणि २०२० ते २०२२ या काळात क्रोम, फायरफॉक्स, सफारी या ब्राउझरांनी एकामागून एक अशी सोय आणली, की माऊसवाल्याला रेघ दिसू नये आणि कीबोर्डवाल्याला दिसावी. म्हणजे विंडोज २००० मध्ये सुचलेली गोष्ट वेबवर रुजायला वीस वर्षं गेली. मधली वीस वर्षं काकूंसारखी माणसं टॅब दाबत चाचपडत राहिली.

आता चेन्नईकडे येऊ. कारण आयकॉनभोवतीच्या चौकटीचं मोल या शहरात जेवढं ओळखलं गेलं, तेवढं फार थोड्या ठिकाणी ओळखलं गेलं असेल.

चेन्नईत 'विद्यासागर' नावाची संस्था आहे. पूनम नटराजन यांनी ती १९८५ साली सुरू केली, तेव्हा तिचं नाव होतं स्पास्टिक्स सोसायटी ऑफ इंडिया, मद्रास. त्याच नावाची संस्था मिठू अलूर यांनी १९७२ साली मुंबईत सुरू केली होती, ती आपल्यापैकी अनेकांना ठाऊक असेल. सेरेब्रल पाल्सी असलेल्या मुलांसाठी हे काम. या मुलांच्या मेंदूकडून स्नायूंना जाणारे हुकूम नीट पोहोचत नाहीत. त्यातल्या कित्येकांना सगळं कळत असतं, पण जीभ वळत नाही, बोट नेमकं टेकत नाही. आत वाक्य तयार असतं, ते बाहेर येत नाही. आणि बोलत नाही म्हणजे समजत नाही, असं भोवतालचे लोक धरून चालतात.

अशा मुलाने पडद्यावरून बोलायचं कसं? त्यासाठी एक पद्धत आहे. पडद्यावर चित्रं मांडायची: पाणी, आई, भूक, खेळ, नको. मग एक चौकट या चित्रांवरून आपोआप सरकत जाते. पाण्यावर थांबते, आईवर थांबते, भुकेवर थांबते. मुलाने फक्त बघत राहायचं. हवं ते चित्र चौकटीत आलं की शरीराची जी एक हालचाल त्याला जमते ती करायची. मान वळवायची, कोपर टेकवायचं, गुडघ्याने बटण दाबायचं. यंत्र तो शब्द मोठ्याने बोलतं. या पद्धतीला 'स्कॅनिंग' म्हणतात. स्टीफन हॉकिंग १९८६ पासून याच तत्त्वावर बोलत होते. आधी हातातल्या बटणाने, पुढे हात थकल्यावर गालाच्या हालचालीने.

यात थोडं गणितही आहे. सोळा चित्रं असतील आणि चौकट एकेकावरून जात असेल, तर शेवटच्या चित्रासाठी सोळा पावलं थांबावं लागतं. म्हणून चार-चारच्या ओळी करतात. आधी चौकट पूर्ण ओळीभोवती फिरते, ओळ निवडली की त्या ओळीतल्या चित्रांवरून. मग जास्तीत जास्त आठ पावलं. प्रत्येक पावलाला दोन सेकंद धरले, तर 'पाणी' म्हणायला लागणारा वेळ बत्तीस सेकंदांवरून सोळावर येतो. आपण एका श्वासात जे बोलतो, त्यासाठी सोळा सेकंद. आणि तेही चौकट स्पष्ट दिसत असेल तर.

परदेशी यंत्रं होती, पण त्यांच्या किमती लाखांच्या घरात आणि बोली इंग्रजी. आयआयटी मद्रासमध्ये शिकलेल्या अजित नारायणन यांनी चेन्नईत इन्व्हेन्शन लॅब्ज नावाची कंपनी काढली होती. विद्यासागरच्या सोबतीने तिथे एक यंत्र तयार झालं, त्याचं नाव 'आवाज'. हाताच्या किंवा डोक्याच्या थोड्याशा हालचालीवरही चालणारं. २०१० साली त्याला दिव्यांगांसाठीच्या कामाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि पुढच्याच वर्षी एमआयटीच्या नियतकालिकाने पस्तिशीच्या आतल्या नव्या संशोधकांच्या यादीत नारायणन यांचं नाव घेतलं. पुढे 'आवाज' टॅबलेटवरचं ॲप झालं.

आता सांगा, त्या मुलाच्या पडद्यावर फिरणारी चौकट आणि काकांच्या डोळ्याला खुपणारी चौकट यांत फरक काय? तांत्रिकदृष्ट्या दोघी सख्ख्या बहिणी. 'आत्ता मी इथे आहे' एवढंच दोघी सांगतात. एकीला आपण पुरस्कार दिला आणि दुसरीला बिघाड म्हणालो.

२०१६ साली दिव्यांगांच्या हक्कांचा नवा कायदा झाला आणि १९ एप्रिल २०१७ पासून तो लागू झाला. माहिती-तंत्रज्ञान सर्वांना वापरता आलं पाहिजे, हे त्यात आहे. पण घरातल्या कॉम्प्युटरवर कायदा कोण बघणार? तिथे तुम्ही-आम्हीच असतो, आणि आपला हात पटकन 'काढून टाक'कडे जातो.

म्हणून जाता जाता उपाय सांगतो, पण क्रमाने.

ठिपक्यांची बारीक चौकट दिसली तर डेस्कटॉपच्या मोकळ्या जागी एकदा क्लिक करा. अडकलेली असेल तर एफ-फाइव्ह. निळी चौकट दिसतेय आणि कॉम्प्युटर बोलायलाही लागलाय, तर नॅरेटर सुरू झालाय. कंट्रोल, विंडोज आणि एंटर ही तीन बटणं एकत्र दाबली की तो बंद होतो. पूर्वी विंडोज आणि एंटर ही दोनच होती. चुकून दाबली जायची, म्हणून २०१७ साली तिसरं बटण जोडलं. ॲपलच्या कॉम्प्युटरवर कमांड आणि एफ-फाइव्ह. अँड्रॉइड फोनवर प्रत्येक गोष्टीभोवती चौकट यायला लागली आणि एका स्पर्शाने काहीच उघडेना, तर 'टॉकबॅक' चालू आहे. बहुतेक फोनवर आवाज कमी-जास्त करायची दोन्ही बटणं काही सेकंद एकत्र धरून ठेवली की तो बंद होतो. चेन्नईच्या रिची स्ट्रीटवर किंवा पुण्या-मुंबईच्या दुकानात फोन दुरुस्तीला न्यायची गरज नाही. आणि जाड काळी चौकट असेल, तर ती विंडोजच्या 'ईज ऑफ ॲक्सेस'मध्ये मुद्दाम कुणीतरी चालू केलेली असते.

मुद्दाम कुणीतरी, हे लक्षात ठेवा. ती काढण्याआधी घरात एकदा विचारा, "ही कुणाची आहे?" कुणाचीच नसेल तर खुशाल काढा.

काकांचं आणि काकूंचं काय झालं, ते सांगून थांबतो. विंडोजमध्ये एकाच कॉम्प्युटरवर दोन वेगळी खाती करता येतात, आणि सेटिंग ज्याचं त्याच्यापाशी राहतं. त्याच आठवड्यात मी दोन खाती करून दिली. काकांच्या खात्यात चौकट बारीक, काकूंच्या खात्यात जाड काळी. दहा मिनिटांचं काम होतं. पहिल्या दिवशी मी विचारलं असतं, तर तेव्हाच झालं असतं.

पुढच्या भागात भेटू. तुमच्या घरात अशी एखादी चौकट असेल, आणि ती कुणाची आहे हे तुम्हाला आज कळलं असेल, तर मला जरूर कळवा. नमस्कार.